पियानो, कंपोझिशन, अरेंजिंग: तिन्ही धरावं का? मेरी लू विल्यम्सच्या करियरवरून सांगतो

प्रश्न असा आहे की पियानो शिकतोय, जॅझचं वेड लागलंय, आता कंपोझिशन (स्वतःचं म्युझिक रचणं) आणि अरेंजिंगकडे (कोणत्या वाद्याने काय वाजवायचं ते लिहिणं) पण ओढ वाटायला लागलीय, पण घरचे आणि क्लासमधले सगळे सांगतात की एक काहीतरी धर नाहीतर धड काहीच होणार नाही, तर तिन्ही करून आयुष्य काढलेलं कोणी आहे का आणि त्यांना ते नेमकं कसं जमलं.

आहेत की, बरेच आहेत. ड्यूक एलिंग्टन, हॉरेस सिल्व्हर, हर्बी हॅनकॉक ही नावं तुम्हाला कोणीही सांगेल. पण मला कोणी हा प्रश्न विचारला की मी मेरी लू विल्यम्सचं नाव घेतो, आणि बहुतेक वेळा समोरच्याने ते ऐकलेलं नसतं ह्याचं मला दरवेळी वाईट वाटतं. १९१० मध्ये अटलांटात जन्म, १९८१ मध्ये डरहॅममध्ये मृत्यू, आणि मधल्या काळात जॅझ जितक्या वेळा बदललं तितक्या वेळा ती त्या बदलाच्या आत बसून वाजवत होती. स्ट्राइड, बूगी-वूगी, स्विंग, बीबॉप ह्या जॅझच्या वेगवेगळ्या स्टाइल, चर्चसाठीचं कोरल काम, आणि शेवटी शेवटी तर ठरलेली चौकट न मानणाऱ्या फ्री जॅझच्या सेसिल टेलर ह्या पियानिस्टबरोबर एका स्टेजवर. तिच्या बरोबरीच्या पियानिस्ट लोकांपैकी बरेचजण आपापल्या ऐन बहराच्या स्टाइलमध्ये राहिले आणि त्यात काही गैर नाही, पण ही राहिली नाही. मी पियानो आणि अरेंजिंग ही दोन्ही कामं बरीच वर्षं पोटासाठी केली आहेत आणि त्या अनुभवावरून माझं ठाम मत आहे की हे तिला अरेंजिंगमुळे जमलं. जो दुसऱ्यांसाठी लिहीत राहतो त्याचा पियानो म्हातारा होत नाही. आता हे मला का वाटतं ते सांगतो, थोडं लांबेल.

सुरुवात तिच्या आईपासून. आई पायपेटी वाजवायची, म्हणजे पायाने भाता मारायचा तो रीड ऑर्गन, आणि तीन-चार वर्षांच्या पोरीला मांडीवर घेऊन बसायची. पोरीने आईने वाजवलेलं उचलून वाजवून दाखवलं. आईने मास्तर लावायला साफ नकार दिला, कारण नोटेशन शिकून लोकांची स्वतःचं वाजवायची ताकद जाते असं तिचं म्हणणं होतं. त्याऐवजी घरी वाजवणारे लोक यायचे आणि ही ऐकायची. पुढे पिट्सबर्गला गेल्यावर सावत्र वडिलांनी प्लेयर पियानो आणला, कागदाच्या रोलवर आपोआप वाजणारा, त्यात जेम्स पी. जॉन्सनसारख्या पियानिस्टचे रोल लावून पट्ट्या खाली जातात तिथे बोटं ठेवून ती शिकली. लहान वयातच गावातल्या पार्ट्यांमध्ये पैसे घेऊन वाजवायला लागली होती.

पिट्सबर्गमधलीच एक गोष्ट मला सगळ्यात महत्त्वाची वाटते. एका थिएटरमध्ये तिने लव्ही ऑस्टिनला बघितलं. लव्ही ऑस्टिन पिटमध्ये, म्हणजे स्टेजसमोरच्या बँडच्या जागेत, पियानोवर, पायावर पाय टाकून बसलेली, तोंडात सिगारेट, डाव्या हाताने चालू शो वाजवतेय आणि उजव्या हाताने पुढच्या आयटमचं म्युझिक कागदावर लिहितेय, आणि मान हलवून बँडला इशारे पण देतेय. हे मेरी लूने पुढे आयुष्यभर सांगितलं की ते बघून मी ठरवलं, मला हे करायचंय. म्हणजे बघा, त्या पोरीच्या डोळ्यासमोर पहिल्यापासून पियानिस्ट, अरेंजर आणि बँड चालवणारी अशी तीन वेगळी माणसं नव्हतीच, एकच बाई होती. आपल्याकडे क्लासमध्ये हे तीन वेगवेगळे कोर्स म्हणून शिकवतात त्यामुळे आपल्याला वाटतं की एक निवडायला लागतं.

पुढचं थोडं पटपट सांगतो. व्होडव्हिलच्या, म्हणजे गाणी-नाच-विनोदाच्या शोच्या, टोळीबरोबर फिरली, सॅक्सोफोन वाजवणाऱ्या जॉन विल्यम्सशी लग्न केलं, तो अँडी कर्कच्या 'ट्वेल्व्ह क्लाउड्स ऑफ जॉय' ह्या बँडमध्ये होता म्हणून ही पण मागोमाग गेली. आधी बँडची पियानिस्ट नव्हतीच. १९२९ मध्ये रेकॉर्डिंगच्या वेळी बँडचा पियानिस्ट आला नाही आणि हिला बसवलं. १९३० मध्ये शिकागोत तिने दोन सोलो रेकॉर्ड केले, 'नाइट लाइफ' आणि 'ड्रॅग एम'. 'नाइट लाइफ' तर तिथल्या तिथे बसून बनवलं. रॉयल्टी म्हणून मात्र तिच्या हातात काही पडलं नाही.

ह्या काळातलं बँडचं ठाणं म्हणजे कॅन्सस सिटी. तिथे क्लब रात्रभर चालायचे आणि जॅम सेशन, म्हणजे सगळ्यांनी जमून आयत्या वेळी वाजवणं, संपायचंच नाही. मेरी लूनेच सांगितलेला किस्सा आहे, पहाटे चारच्या सुमाराला खिडकीवर टकटक, बाहेर सॅक्सवाला बेन वेबस्टर उभा, म्हणाला ऊठ, चेरी ब्लॉसम क्लबमध्ये कोलमन हॉकिन्स येऊन बसलाय, शर्ट काढून वाजवतोय, सगळे पियानिस्ट दमून गेलेत. ही उठून गेली. समोर हॉकिन्स, लेस्टर यंग, हर्शेल इव्हान्स आणि वेबस्टर एकामागून एक वाजवतायत आणि सकाळ झाली तरी कोणी थांबत नाहीये. आता ह्या प्रसंगात पियानिस्टचं काम काय असतं ते लक्षात घ्या. चार टेनर सॅक्स, चौघांचा स्वभाव वेगळा, आणि प्रत्येकाच्या खाली कसे कॉर्ड टाकायचे, कुठे गप्प बसायचं हे त्या क्षणी ठरवायचं. मी तर म्हणेन हे अरेंजिंगच आहे, फक्त कागद नाही. ज्याने अशा रात्री काढल्यात तो जेव्हा सॅक्स सेक्शनसाठी लिहायला बसतो तेव्हा त्याच्या कानात 'टेनर सॅक्स' नावाचं एक यंत्र वाजत नसतं, माणसं वाजत असतात.

लिहायला ती शिकली ती पण कामावरच. आधी ती कर्कला सांगायची, तो उतरवून घ्यायचा. मग त्याला सारखं पकडून बसवायचा कंटाळा आला म्हणून स्वतः नोटेशन शिकली. आणि काही वर्षांत त्या बँडचा आवाज म्हणजे तिचा आवाज झाला.

इथे एक गोष्ट जवळून दाखवतो. १९३६ चं 'वॉकिन अँड स्विंगिन'. तिला जाड, भरलेली सॅक्स हार्मनी हवी होती आणि बँडमध्ये तेवढे सॅक्स नव्हते. मालकाकडे जाऊन अजून माणूस द्या म्हणणं शक्य नव्हतं, मंदीचा काळ, पगाराचीच ओढाताण. तिने काय केलं, एक ट्रंपेट उचलला आणि सॅक्सच्या घोळक्यात टाकला, आवाज दाबून वाजवायला लावला. ट्रंपेटचा स्वभाव आहे पुढे येण्याचा, तो मोकळा वाजला असता तर वरची ओळ त्याची आणि खाली सॅक्स त्याला साथ करतायत असं झालं असतं. दाबल्यावर त्याची धार जाते आणि तो सॅक्सच्या रंगात मिसळतो, आणि ऐकणाऱ्याला वाटतं की एक मोठा सॅक्स सेक्शन एका श्वासात वाजतोय. त्या ओळीची चाल पण बघा, पियानोवर उजव्या हातात चार बोटांनी कॉर्ड धरून मेलडीबरोबर पूर्ण हात सरकवतो तशीच आहे ती. तिने आपला उजवा हात बँडवर ठेवला असं म्हणा. ह्याच पीसमध्ये एक रिफ आहे, म्हणजे परत परत येणारा छोटा तुकडा, तो ऐकला की पियानिस्ट थेलोनियस मंकचं 'ऱ्हिदम-अ-निंग' ज्यांना माहितीये ते लगेच ओळखतात, आणि मंकचा तो पीस वीसेक वर्षांनंतरचा आहे.

मग डाव्या हाताचं पण तेच. १९३७ मध्ये बँडलीडर बेनी गुडमनसाठी तिने 'रोल एम' लिहिलं, बारा बारचा ब्लूज, बूगी-वूगी. बूगीमध्ये पियानिस्टचा डावा हात एक आकृती घेऊन फिरत राहतो आणि उजवा हात वरती छोटे छोटे तुकडे टाकत राहतो. ते तुकडे तिने सेक्शनमध्ये वाटले, कधी ब्रास (ट्रंपेट, ट्रॉम्बोन), कधी रीड्स (सॅक्स, क्लॅरिनेट), खालचा ठेका ऱ्हिदम सेक्शनकडे. गुडमनला ती एवढी आवडली की त्याने फक्त माझ्यासाठीच लिही म्हणून करार करायचा प्रयत्न केला आणि ती नाही म्हणाली. त्या वेळी अमेरिकेत त्याच्याएवढं चालणारं नाव दुसरं नव्हतं, तरी नाही म्हणाली. अर्ल हाइन्स, टॉमी डॉर्सी, जिमी लन्सफर्ड अशा सगळ्यांसाठी तिला लिहायचं होतं, आणि प्रत्येक बँड वेगळा वाजतो म्हणजे प्रत्येकासाठी कान वेगळा लावायला लागतो. मला वाटतं तिच्या पूर्ण करियरचा सगळ्यात शहाणा निर्णय हाच होता.

पैशाचं पण सांगतो कारण तुमच्या घरच्यांची खरी काळजी तीच असणार. अरेंजरला त्या काळात एका चार्टचे, म्हणजे लिहिलेल्या अरेंजमेंटचे, थोडेसे डॉलर मिळायचे आणि विषय संपला, रेकॉर्ड लाखांनी विकली तरी. नाव बँडलीडरचं. आपल्याकडे तरी काय वेगळं होतं, सेबॅस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस, फ्रँक फर्नांड, चिक चॉकलेट, ही गोव्याची माणसं, ह्यांनी हिंदी सिनेमाच्या गाण्यांना जो ऑर्केस्ट्राचा आवाज दिला त्याच्यासाठी नाव आलं तर असिस्टंट म्हणून यायचं, बऱ्याचदा तेही नाही. आणि मुंबईचा जॅझशी संबंध काही नुसता ऐकीव नाही, टेडी वेदरफर्ड नावाचा शिकागोत नाव कमावलेला अमेरिकन पियानिस्ट १९३० च्या दशकात इथे ताजमध्ये वाजवत होता, त्याच्या आजूबाजूला आपली माणसं तयार झाली. असो, मुद्दा असा की अरेंजिंगमधून प्रसिद्धी मिळेल ह्या आशेवर हे काम धरू नका, पण काम मिळत राहतं हे खरं आहे. गिग बंद पडली, हात दुखावला, फॅशन बदलली तरी लिहिता येणाऱ्याला कोणीतरी बोलावतं. आज करार करताना तुमचं नाव आणि हक्क कागदावर लिहून घ्या, मेरी लूच्या वेळी ती सोय तिला नव्हती.

१९४२ मध्ये तिने कर्कचा बँड सोडला. काही काळ एलिंग्टनसाठी लिहिलं, त्याच्या बँडचं १९४६ चं 'ट्रंपेट नो एंड' तिचंच, 'ब्लू स्काइज' ह्या गाण्यावरचं, ट्रंपेटवाल्यांना एकामागून एक मोकळं सोडलंय नुसतं. मग न्यूयॉर्कमध्ये कॅफे सोसायटी. त्या काळात गोरे-काळे एकत्र बसू शकतील असे क्लब मोजकेच होते, त्यातला हा. आणि इथे असताना तिने 'झोडिअॅक सूट' लिहिली, बारा राशींवर बारा पीस. रेडिओवर तिचा स्वतःचा कार्यक्रम होता, त्यात दर आठवड्याला एक रास वाजवायची. पण ज्योतिष डोक्यात ठेवून ऐकू नका, त्या त्या राशीला जन्मलेल्या लोकांवर, बहुतेक म्युझिशियनवर, आहेत ते पीस. वृषभ एलिंग्टनची आणि तिची स्वतःची पण, तूळ ट्रंपेटवाला डिझी गिलेस्पी, मंक, बड पॉवेल, आर्ट टेटम ह्यांची. लय मध्येच थांबते, कॉर्ड कुठेतरी युरोपियन क्लासिकलच्या बाजूला जातात आणि एकदम ब्लूज येतो. १९४५ च्या ३१ डिसेंबरला न्यूयॉर्कच्या टाउन हॉलमध्ये तिने हे छोट्या ऑर्केस्ट्रासाठी लिहून वाजवलं, तालमीला पुरेसा वेळ मिळाला नव्हता, आणि पुढच्या वर्षी त्यातला काही भाग कार्नेगी हॉलमध्ये मोठ्या ऑर्केस्ट्राबरोबर. हे तिने कोणी सांगितलं म्हणून केलं नाही, ह्याला मागणी पण नव्हती.

आणि ह्याच वर्षांत तिचं हार्लेममधलं घर. काम संपवून रात्री उशिरा मंक, बड पॉवेल, टॅड डॅमरन, गिलेस्पी असे सगळे तिच्या पियानोभोवती जमायचे, नवीन काय सुचलं ते वाजवून दाखवायचे. वयाने ही मोठी, नावाने मोठी, स्विंगच्या काळातली बाई, आणि त्या वेळी स्विंगवाल्या बऱ्याच मोठ्या लोकांना बीबॉप म्हणजे गोंगाट वाटत होता. ती मात्र त्यांचे कॉर्ड ऐकून घ्यायची, स्वतःच्या हातात आणायची, आणि १९४९ मध्ये गिलेस्पीच्या बँडसाठी 'इन द लँड ऑफ ऊ-ब्ला-डी' लिहून मोकळी झाली. माझा मुद्दा इथे येतो. तिला ही पोरं परकी का वाटली नाहीत? कारण वीस वर्षं ती दुसऱ्यांच्या डोक्यात काय चाललंय ते ऐकून त्यांच्यासाठी लिहीत होती, ऐकायची सवय मोडलीच नव्हती. नुसता सोलो वाजवणारा हळूहळू स्वतःचंच ऐकायला लागतो, हा धोका मी कितीतरी चांगल्या वाजवणाऱ्यांमध्ये बघितलाय.

आता वाईट काळ. १९५२ मध्ये ती इंग्लंडला गेली, मग पॅरिस, आणि १९५४ मध्ये पॅरिसमध्ये वाजवणंच सोडून दिलं. पूर्ण. मनाने थकली होती. अमेरिकेत परत आली, प्रार्थनेत बुडाली, व्यसनात अडकलेल्या म्युझिशियन लोकांना सांभाळायला लागली, त्यासाठी फाउंडेशन काढलं, जुन्या वस्तूंचं दुकान चालवलं. १९५७ मध्ये कॅथलिक झाली. त्याच वर्षी गिलेस्पीने तिला न्यूपोर्ट जॅझ फेस्टिव्हलला स्टेजवर आणलं, त्याच्या बिग बँडबरोबर 'झोडिअॅक सूट'चे तुकडे वाजवले, अरेंजमेंट मेल्बा लिस्टनची, ती ट्रॉम्बोन वाजवणारी आणि जबरदस्त अरेंजर. हे रेकॉर्डिंग मिळतं, जरूर ऐका. तीन वर्षं न वाजवलेल्या माणसाचा हात आहे असं कुठेही वाटत नाही. करियरमध्ये असा मोठा खड्डा येऊ शकतो आणि त्यातून परत येता येतं, हे शिकणाऱ्यांना कोणी सांगत नाही म्हणून मुद्दाम लिहिलं.

परत आल्यावर तिने जे लिहिलं ते मला तिच्या सगळ्या कामात धाडसी वाटतं. सेंट मार्टिन दे पोरेस ह्या सावळ्या संतावर कोरससाठी 'ब्लॅक क्राइस्ट ऑफ द अँडीज', स्वतःच्या मेरी रेकॉर्ड्स ह्या लेबलवर काढलं. कोरसचे आवाज तिने असे एकावर एक रचलेत की मला तिथे परत तो १९३६ चा सॅक्स सेक्शन ऐकू येतो, तीच जवळजवळ ठेवलेली हार्मनी, फक्त आता माणसांचे गळे. त्यानंतर तिने मासचं, म्हणजे कॅथलिक प्रार्थनाविधीचं, संगीत लिहिलं, त्यातल्याच एका मासवर आल्विन एलीने १९७१ मध्ये नृत्य बसवलं आणि १९७५ मध्ये ते न्यूयॉर्कच्या सेंट पॅट्रिक्स कॅथेड्रलमध्ये प्रार्थनेच्या वेळी वाजलं.

१९७७ मध्ये कार्नेगी हॉलला सेसिल टेलरबरोबरचा प्रयोग झाला. तिच्या डोक्यात होतं की आपण स्पिरिच्युअलपासून (काळ्या अमेरिकन लोकांची भक्तिगीतं) सुरू करून जॅझचा इतिहास वाजवू आणि तो त्याच्याभोवती वाजवेल, प्रत्यक्षात तो त्याच्या वादळात आणि ही ब्लूजचा डावा हात सोडायला तयार नाही. लोक ह्याला फसलेला प्रयोग म्हणतात. मला ते पटत नाही, सासष्ट वर्षांची बाई अशा माणसासमोर मुळं धरून बसलीय हे ऐकण्यासारखं आहे, पण नवशिक्याने ही रेकॉर्ड सगळ्यात शेवटी लावावी. त्याच वर्षी ड्यूक युनिव्हर्सिटीत शिकवायला लागली आणि शेवटपर्यंत शिकवलं. तिथे आणि कार्यक्रमांतही तिचा आग्रह एकच होता, आधी स्पिरिच्युअल, ब्लूज, मग बाकीचं.

मग तुम्ही काय करायचं. पियानोचा रोजचा रियाज आहे तसाच ठेवा, त्यातला थोडा वेळ लिहिण्याला द्या. 'वॉकिन अँड स्विंगिन'मधल्या त्या सॅक्सच्या ओळीचे फक्त आठ बार कानाने उतरवा, सॉफ्टवेअरच्या मदतीशिवाय, आणि दोन हातांत वाटून वाजवा. सगळे आवाज एकदम सापडणार नाहीत. आधी सगळ्यात वरचा आणि सगळ्यात खालचा शोधा, मधले आपोआप जागेवर येतात. मग तेच आठ बार तुमच्याकडे जी वाद्यं आहेत त्यांच्यासाठी लिहा. एक बासरीवाला, एक व्हायोलिन, एक गिटार असला मित्रांचा ग्रुप असेल तर त्यांच्यासाठी लिहा, आणि सॉफ्टवेअरच्या आवाजावर समाधान न मानता खऱ्या माणसांकडून वाजवून घ्या. बासरीवाला सांगेल इथे मला श्वास घ्यायला जागा नाही, व्हायोलिनवाली म्हणेल ही उडी ह्या स्पीडला येत नाही. हे ऐकून परत पियानोवर बसलात की तुमचे स्वतःचे कॉर्ड हलके होतात, मधल्या जागा मोकळ्या होतात. माझ्याकडे शिकणाऱ्या पोरांमध्ये हा फरक मी काही महिन्यांत बघितलाय. कंपोझिशनची घाई करू नका, उतरवणं आणि लिहिणं चालू असलं की स्वतःचं यायला लागतं. आणि ब्लूज कधीच सोडू नका, बारा बार रोज, वेगवेगळ्या पट्टीत, डावा हात पक्का होईपर्यंत.

ऐकायला सुरुवात १९४५ च्या 'झोडिअॅक सूट'च्या ट्रायो रेकॉर्डिंगपासून करा, पियानो, बास, ड्रम्स एवढंच आहे त्यामुळे सगळं स्वच्छ ऐकू येतं. त्यानंतर आरन डील ह्या आजच्या पियानिस्टने २०२३ मध्ये तीच सूट ऑर्केस्ट्राबरोबर काढलीय ती लावा, आणि एकच रास घेऊन, समजा वृषभ, दोन्ही पाठोपाठ ऐका. ट्रायोमध्ये डाव्या हातात जे होतं ते ऑर्केस्ट्रात कोणाकडे गेलं एवढंच शोधा. तेवढं झालं की अँडी कर्कच्या १९३६ च्या रेकॉर्ड्स, आणि १९७८ चा मॉन्ट्रो फेस्टिव्हलचा सोलो.